एकोणीस दिवसांचा खंड

आमच्या बालाघाटच्या मराठी मंडळाचा दिवाळी अंक निघतो तेव्हा माझ्याकडे दरवर्षी एखादी पाककृती मागतात. यंदा संपादक घरी आले आणि म्हणाले, "बाई, एकतीस वर्षं तुम्ही सरकारी कार्यालयात काढली. त्यावर लिहा काहीतरी. जरा गमतीचं." गमतीचं पुष्कळ आहे. पण गेले दोन आठवडे कागद घेऊन बसते आहे आणि दरवेळी एकाच माणसाची गोष्ट समोर येते. ती गमतीची नाही. तरी तीच लिहिते.

मी नोकरीला लागले ते नवऱ्याच्या जागेवर. हे पाण्याच्या खात्यात लिपिक होते. बैहरच्या घाटात जीप उलटली आणि ते गेले. मी सत्तावीस वर्षांची, पोरगी तीन वर्षांची. अनुकंपा नियुक्ती मिळाली, म्हणजे घरचा माणूस गेला म्हणून घरातल्या एकाला नोकरी. पहिल्याच दिवसापासून मी पक्की सरकारी कर्मचारी झाले. माझ्या टेबलासमोर अर्ज घेऊन जी माणसं उभी राहत, त्यांनी पंधरा-पंधरा, वीस-वीस वर्षं काम केलेलं असे आणि ती अजून रोजंदारीवरच असत. मला पाहून ती हात जोडत. मला त्याची कधी सवय झाली नाही.

माझं काम होतं स्थापना शाखेत. लोकांना वाटतं की सरकारी बाबू म्हणजे फायली इकडून तिकडे करणारा. तसं थोडं आहेही. पण त्यात एक काम फार नाजूक असतं. रोजंदारीचा माणूस पक्का झाला की त्याचा पगार कितीवर ठरवायचा, ते काढणं. पगार ही एक शिडी आहे असं समजा. जितकी वर्षं सेवा धरली जाते, तितक्या पायऱ्या वर माणसाला उभं करायचं. दोन वर्षं कमी धरली तर तो निवृत्त होईपर्यंत आणि पुढे पेन्शनमध्येही दोन पायऱ्या खालीच राहतो. सगळी भांडणं या पायऱ्यांची.

पुरावा म्हणजे मस्टर, हजेरीपट. त्यात नाव पाहिजे आणि मध्ये खंड नको. एका माणसाचं नाव तीन मस्टरांत सुकलाल, सुखलाल आणि शुकलाल असं होतं. लेखा शाखेनं लिहिलं, हे तीन वेगळे इसम दिसतात. तो बिचारा तीन वेळा माझ्यासमोर येऊन म्हणाला, "मॅडम, मैं एक ही हूँ." दुसऱ्या एकानं शाळेचा दाखला आणला, त्याप्रमाणे तो कामावर लागला तेव्हा सहा वर्षांचा ठरत होता. मी विचारलं तर म्हणाला, "मास्तरनं जी तारीख याद आली ते लिहून देली." अशा गोष्टी हसत हसत निस्तरता यायच्या. शालिकरामची गोष्ट तशी नव्हती.

शालिकराम हा गेज रीडर. लामत्याच्या पुढे, रस्ता सोडून आत गेलं की नदीच्या काठावर आमच्या खात्याची एक खोली होती आणि काठावरच्या दगडी पायऱ्यांना मीटर-सेंटिमीटरच्या रंगवलेल्या पट्ट्या ठोकलेल्या होत्या. सकाळी आठ, दुपारी एक, संध्याकाळी सहा असं तीनदा पाणी पट्टीवर कुठवर आहे ते पाहायचं आणि रजिस्टरात लिहायचं. पावसाळ्यात तासातासाला. खालच्या गावांना पुराची सूचना याच आकड्यांवरून जायची. जवळचं गाव दोन कोस. महिन्यातून एकदा उपयंत्री, म्हणजे धाकटे इंजिनियर साहेब, येऊन मस्टरावर सही करून जायचे. त्याला रविवार नव्हता, सुट्टी नव्हती, आजारपण नव्हतं, कारण रोजंदारीच्या माणसाला रजा हा प्रकारच नसतो. ज्या दिवशी आला नाही तो दिवस गेला, आणि बरेच दिवस सलग गेले तर आधीची सगळी सेवा गेली. त्याला खंड म्हणतात.

कोर्टाचा निकाल आला की सतत काम केलेल्या माणसांची रोजंदारीची वर्षंही पगार ठरवताना धरा, तेव्हा कार्यालयात लग्नघरासारखी गर्दी झाली. एकेकाचं प्रकरण निघत गेलं, लोक पेढे वाटून गेले. शालिकरामचं अडलं. त्याच्या अठ्ठावीस वर्षांतल्या पहिल्या आठ वर्षांची मस्टरं सापडत नव्हती. जुन्या रेकॉर्डच्या खोलीचं छप्पर गळत होतं, गठ्ठ्यांना वाळवी लागली होती. बांधलेला फडका सोडला की आतून माती पडायची. लेखा शाखेनं ती आठ वर्षं सोडून पगार ठरवला. त्याच्याच बरोबर लागलेल्या चौकीदाराला त्याच्यापेक्षा महिन्याला साडेचार हजार जास्त बसले.

तो माझ्यासमोर येऊन उभा राहिला. उंच, वाळलेला, खांद्यावर गमछा. मी मराठीत बोलते हे कळल्यावर त्याचा चेहरा जरा सैल झाला. "बाई, मी तं कुठी गेलोच नाही. तिथंच होतो. नदीले विचारा."

तो सहज बोलला, पण मला त्यावरूनच सुचलं. मस्टर गेलं तरी गेजची रजिस्टरं असणार. नदीचे आकडे खातं जपून ठेवतं, धरणाच्या हिशोबाला लागतात म्हणून. चौकशी केली तर मागच्या इमारतीत लोखंडी कपाटात आठही वर्षांची रजिस्टरं कापडी बांधणीत नीट लावलेली सापडली. माणसाची हजेरी वाळवीनं खाल्ली होती, नदीची शाबूत होती. प्रत्येक पानावर रोज तीन आकडे आणि तीन सह्या, शालिकरामच्या. यापेक्षा चांगला पुरावा कुठला?

पण तो पुरावा म्हणून लावायचा तर पान अन् पान तपासायला हवं. मी ते काम घेतलं. रोज दुपारी जेवणाचा डबा संपवून मागच्या इमारतीत जायची आणि दोन तास वाचत बसायची. तिथं कोणी येत नसे. घरीही मी एकटीच होते. पोरगी तोवर लग्न करून हैदराबादला गेली होती, फोनवर बोलली तर हिंदीत बोलायची, नातवाला मराठी समजत नाही म्हणून.

रजिस्टरात आकड्यांच्या शेजारी शेऱ्याचा रकाना असतो. त्यात पाणी गढूळ, पाणी स्वच्छ, असं लिहायचं. पहिल्या वर्षी त्यानं तेवढंच लिहिलं होतं, हिंदीत. दुसऱ्या वर्षापासून मध्येमध्ये मराठी यायला लागलं. त्याला कळलं असावं की शेरे कोणी वाचत नाही. "पट्टी बुडाली. जांभळीवर चढून पाहिलं." "मेली म्हैस वाहत गेली." मग लग्न झालं असावं, कारण एके ठिकाणी लिहिलं होतं, "घरी दोन माणसं झाली." मग पुष्कळ दिवस नुसतं गढूळ आणि स्वच्छ. मग एका उन्हाळ्यात, "आज कोणी आलं नाही." दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशीही. मी तो महिना दोनदा वाचला. खोटं कशाला सांगू, दुपारची वाट पाहायला लागले होते मी.

सहाव्या वर्षाच्या हिवाळ्यात मला ते एकोणीस दिवस सापडले.

पाऊस संपला की नदी रोज थोडी उतरते. एक सेंटिमीटर, दोन सेंटिमीटर. शालिकरामचे आकडे तसे उतरत आले होते आणि मग एका दिवसापासून एकच आकडा. सकाळी तो, दुपारी तो, संध्याकाळी तोच. एकोणीस दिवस. शाई एक, अक्षर एका बैठकीतलं, शेरा कोरा. विसाव्या दिवशी आकडा एकदम सव्वीस सेंटिमीटर खाली. मी नदीच्या वरच्या अंगाला असलेल्या दुसऱ्या गेजचं रजिस्टर काढून पाहिलं. तिथं नदी त्या दिवसांत रोज नेमानं उतरत होती.

तो तिथं नव्हता.

मी हिशोब मांडला. हा खंड धरला तर त्याच्या आधीची जवळजवळ सहा वर्षं गेली. मला आठवलं, पोरीला टायफॉइड झाला तेव्हा मी चाळीस दिवस घरी होते. एक अर्ज टाकला होता. पूर्ण पगार मिळाला होता.

निरोप धाडून त्याला बोलावलं. कार्यालयात बोलले नाही, मागच्या इमारतीत नेलं आणि रजिस्टर उघडून समोर ठेवलं. त्यानं पान पाहिलं आणि खाली बसला. खुर्ची होती, तरी जमिनीवर बसला.

"हे तुमी वाचलं?"

"सगळं वाचलं. कुठं होते या दिवसात?"

तो म्हणाला, "तिरोडीले गेलतो. सासऱ्याच्या घरी. बायको गेलती ना सोडून."

"भांडण झालं होतं?"

"नाही. भांडाले तिथं होतं काय? ते म्हणे, इथं मले बोलाले कोणी नाही. तू दिवसभर पट्टी पाहतं, अन् संध्याकाळी चूप बसतं. माह्यानं नाही होत." त्यानं गमछ्यानं तोंड पुसलं. "मी आणाले गेलो. सासरा खदानीत होता, मॅंगनीजच्या. तो म्हणे, पोरगी राजी असन तं घेऊन जा. मी आंगणात बसलो. जेवाले देत होते. बायको मांगच्या दारानं कामावर जाये अन् मांगच्या दारानं येये. एकोणीस दिवस बसलो, बाई. मंग समजलं का ते नाही येत."

"मग परत आला आणि आकडे भरले."

"हौ. साहेब येणार होते सहीले. गेलो तेव्हाचा आकडा याद होता, तोच लिहिला. नदी तशीच असन म्हून." मग माझ्याकडे न पाहता म्हणाला, "अठ्ठावीस वर्षांत तेवढंच खोटं लिहिलं. दुसरा एकबी आकडा खोटा नाही. पुरात झाडावर बसून लिहिला, पण खोटा नाही."

मी त्याला सांगितलं की हे कोणाजवळ बोलू नका. मी पाहते काय करायचं ते. त्यानं रजिस्टर नीट मिटवलं आणि गेला.

तीन दिवसांनी आला आणि एक अर्ज माझ्या टेबलावर ठेवून गेला. हिंदीत, त्याच्या गोल अक्षरात. त्याचा मतलब असा होता की अमुक एकोणीस दिवस मी गेजवर हजर नव्हतो, ते आकडे मी मनानं लिहिले, ते कापण्यात यावे. त्यामुळे पगाराचं जे होईल ते मला मंजूर आहे.

एकतीस वर्षांत मी असा अर्ज दुसरा पाहिला नाही. लोक हजेरी लावून घ्यायला येतात. हा गैरहजेरी लावा म्हणून आला होता.

तो अर्ज फायलीला लावणं माझं काम होतं. आवक रजिस्टरात नोंद, क्रमांक, मग साहेबांसमोर. मी नोंद केली नाही. घडी घातली आणि खणात ठेवला, कुलूपवाल्या. त्याच दिवशी टीप लिहिली की गेज रजिस्टरांवरून कर्मचाऱ्याची सेवा सतत दिसते, खंड आढळत नाही. खाली सही केली.

लेखाधिकारी साहेबांनी दोन रजिस्टरं वरवर चाळली. "पूरा देखा है ना, मैडम?"

"जी, सर. एक-एक पन्ना."

त्यांनी सही केली. माझ्यावर त्यांचा भरवसा होता. तो मी इतक्या वर्षांत कमावला होता आणि त्या दिवशी खर्च केला.

का केलं, याचं उत्तर मला तेव्हा स्वच्छ दिसत होतं. ज्या नियमात मला चाळीस दिवस मिळाले, त्याच नियमात त्याचे एकोणीस दिवस सहा वर्षं गिळणार होते. मला ते पटत नव्हतं. आजही पटत नाही. पण आणखीही एक होतं, ते सांगितल्याशिवाय ही गोष्ट पुरी होणार नाही. ते आकडे कापले असते तर त्या पानावर चौकशीच्या लोकांचे हात पडले असते, त्याचे शेरे साहेब लोकांनी मोठ्यानं वाचून हसत दाखवले असते. मला ते नको होतं. जणू ते माझ्यासाठी लिहिलेलं होतं.

दीड महिन्यानं आदेश निघाला. पगार पूर्ण अठ्ठावीस वर्षं धरून ठरला, मागचा फरक एकरकमी मिळाला. शालिकराम पेढे घेऊन आला. सगळ्या टेबलांवर ठेवून शेवटी माझ्याकडे.

"बाई, साहेबानं वाचला ना माहा अर्ज?"

माझ्या शेजारच्या टेबलावरचे लोक पेढे खात होते. मी म्हणाले, "हौ."

"काही बोलले?"

"काही नाही बोलले."

"वाचून बी देले पैसे?" त्याचे डोळे भरून आले. "मंग चांगला माणूस आहे, बाई. मी तं समजत होतो, हे लोक कागदच पाहतात."

त्यानंतर दोन वर्षांनी तो निवृत्त झाला. पेन्शनचे कागद मीच भरले. वारस म्हणून कोणाचं नाव टाकायचं, असं विचारलं तर त्यानं बायकोचं नाव सांगितलं. मी पेन थांबवला. वीसपेक्षा जास्त वर्षं ती त्याच्याकडे नव्हती.

"टाका," तो म्हणाला. "माह्या घरी नाही, पण आहे ना ते. तिरोडीले आहे."

त्याच्या जागी माणूस आला नाही. काठावर एक यंत्र बसवलं, ते आपोआप आकडा पाठवतं.

मीही पुढच्या वर्षी निवृत्त झाले. शेवटच्या दिवशी खण रिकामा करताना तो अर्ज हाती आला. तो फाडून टाकता आला असता. पर्समध्ये घालून घरी आणला. निवृत्तीचं घर कसं असतं ते ज्यांचं झालं त्यांना ठाऊक आहे. सकाळी दहा वाजले की पाय आपोआप चपलेकडे जातात. दिवसभर मला बोलायला भाजीवाला आणि दूधवाला, तेही दोन वाक्यं. शालिकरामच्या बायकोचं म्हणणं मला त्या दिवसांत फार समजलं. आणि शालिकरामचंही. अर्ज कपाटात साड्यांखाली होता. कपाट उघडलं की तो तिथं आहे हे माहीत असायचं.

गेल्या हिवाळ्यात मी लामत्याची बस धरली. तो गावात एक खोली भाड्यानं घेऊन राहत होता. बाज, स्टोव्ह, एक लोखंडी पेटी. मला पाहून गडबडला. "बाई, तुमी? इकडे काहून? कोणाकडे आल्या?"

"तुमच्याकडेच आले."

त्यानं बाजेवर स्वच्छ चादर टाकली, चहा ठेवला. मी पर्समधून कागद काढून त्याच्या हातात दिला. त्यानं चष्मा लावला, सावकाश पूर्ण वाचला. मग उलटून मागची बाजू पाहिली. तिथं आवकचा शिक्का नव्हता. इतकी वर्षं सरकारात काढलेला माणूस, त्याला तेवढ्यावरून कळलं.

"हा तं देल्लाच नाही."

"नाही. मी ठेवून घेतला."

"मंग साहेबानं वाचलाच नाही."

"नाही."

चहा उतू गेला, त्यानं उठून स्टोव्ह बंद केला. परत येऊन बसला.

"तुमी माह्यासाठीच केलं, मले समजते," तो म्हणाला. "पैसा आला, चांगलं झालं. नसता आला तरी भागलं असतं. एकट्याले किती लागते? पण बाई, मले विचारा लागत होतं."

तो पुन्हा कागदाकडे पाहत होता.

"आता देता येईन का हा?"

"येईल. ऑफिस आहे, साहेब आहेत."

"माह्या पेन्शनचं जे होईन ते होईन. पण देल्ला तं तुमच्यावर काही येईन का?"

नाही म्हणायला अर्धा क्षण लागला असता. पण या माणसाशी मी एकदा खोटं बोलले होते. "येईल," मी म्हणाले. "टिपेवर सही माझी आहे."

त्यानं कागदाची जुन्या घड्यांवरच घडी घातली, उठला, पेटी उघडली आणि कपड्यांच्या तळाशी कागद ठेवून झाकण लावलं.

"मंग राहू द्या," तो म्हणाला.

मला बसपर्यंत सोडायला आला. बस आली तेव्हा त्यानं खिडकीजवळची जागा मिळाली का, एवढं विचारलं. मिळाली होती.